पत्ता तोच, शेजार नवा

आज बोलायचं आहे ते शेजाराबद्दल. जुन्या वस्तीत नवे, पैसेवाले लोक राहायला येतात, बघता बघता सगळी वस्तीच बदलते, आणि मग जिन्यात, लिफ्टमध्ये, गच्चीवर कुरबुरी सुरू होतात. पुष्कळजणींना ही कुरबुर माशाच्या वासाची किंवा गणपतीच्या ढोलाची वाटते. मला वाटतं, वास आणि ढोल हे वरवरचं झालं. मूळ आहे जमिनीच्या भावात आणि सरकारी नियमांत. तो हिशेब समजला, तर शेजारणीवर निघणारा निम्मा राग तरी योग्य जागी जाईल.

उदाहरण मुंबईच्या गिरणगावाचं घेऊ. लालबाग, परळ, लोअर परळ, डिलाईल रोड, वरळी, नायगाव. आपल्यापैकी कितीतरी जणींचं माहेर, सासर किंवा आजोळ तिथलं. आता त्या भागातल्या घरांच्या जाहिराती जरा निरखून पाहा. काहींत लोअर परळ हे नावच नसतं, तिथे ‘अप्पर वरळी’ छापलेलं असतं. स्टेशन तेच, रस्ता तोच, पण ‘लोअर’ म्हटलं की भाव उतरतो आणि ‘अप्पर’ म्हटलं की चढतो! गावाचं नाव बदलायला पूर्वी सरकार लागायचं, आता जाहिरातवाला पुरतो.

या सगळ्या प्रकाराला इंग्रजीत जेंट्रिफिकेशन म्हणतात. मराठीत काहीजण उच्चभ्रूकरण म्हणतात, पण तो शब्द अजून बोलण्यात रुळलेला नाही. मूळ शब्द एका बाईने दिलेला आहे. रूथ ग्लास तिचं नाव. बर्लिनमध्ये जन्मलेली आणि लंडनमध्ये काम केलेली ही समाजशास्त्रज्ञ. लंडनच्या कामगार वस्त्यांतली जुनी, पडकी घरं मध्यमवर्गीय विकत घेत होते, रंगरंगोटी करून राहत होते, आणि आधीचे भाडेकरू एकेक करून नाहीसे होत होते, हे तिने पाहिलं आणि १९६४ साली लिहिलं. ‘जेंट्री’ म्हणजे खानदानी, जमीनदार मंडळी. त्यावरून तिने हा शब्द केला, आणि त्यात थोडी चेष्टाही होती. तिने मांडलेला मुद्दा साधा होता. वस्ती सुधारते हे खरं, पण ज्यांनी ती वसवली त्यांच्यासाठी ती सुधारत नाही.

आता गिरणगाव वसवलं कुणी? १८५४ साली कावसजी दावर यांनी ताडदेवला पहिली कापड गिरणी काढली, आणि पुढच्या पन्नास-साठ वर्षांत भोंग्यांवर चालणारं एक शहरच उभं राहिलं. कोकणातून, सातारा-पुण्याच्या घाटावरून, तेलंगणातून विणकर, उत्तरेतून भय्ये, असे सगळे आले. म्हणजे आज ज्यांना आपण मूळ रहिवासी म्हणतो तेही कधीतरी नवखेच होते, आणि त्यांच्याही आधी वरळीचे कोळी तिथे होतेच. हे मी मुद्दाम सांगते, कारण ‘आम्ही आधी आलो’ एवढ्या एकाच गोष्टीवर भांडण जिंकता येत नाही. जुन्यांचा हक्क आहे, पण तो वेगळ्या कारणाने आहे. त्या जमिनीला किंमत आली ती त्यांच्या तीन-चार पिढ्यांच्या कामाने.

आणि त्या कामात बायकांचा वाटा केवढा होता, हे सहसा कुणी मोजत नाही. गिरणीतल्या बायका तर होत्याच, पण खानावळवालीचं बघा. कामगार बहुतेक एकटे, कुटुंब गावाला. एका खोलीत पाळीपाळीने झोपायचे. त्यांना जेवू घालणाऱ्या बायका दहा बाय बाराच्या घरात स्टोव्हवर पंधरा-वीस माणसांचा स्वयंपाक करायच्या. पैसे महिन्याच्या शेवटी, किराणा मात्र आज हवा. म्हणून सावकाराचं कर्ज. या बायकांना बँकेचं कर्ज मिळवून द्यायचं काम प्रेमाताई पुरव यांनी केलं. गोवा मुक्तीच्या लढ्यातून आलेल्या आणि पुढे गिरणगावात कामगार चळवळीत राहिलेल्या प्रेमाताईंनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ सुरू केलं. बँकेला तारण म्हणून दाखवायला या बायकांकडे काय होतं? चार भांडी. आणि एकमेकींचा शब्द. एकीने दुसरीला जामीन राहायचं.

हे शक्य झालं ते चाळीमुळे. गॅलरीत सगळ्या समोरासमोर, कोण कशी आहे हे सगळ्यांना ठाऊक. मूल शेजारी टाकून बाजारात जाता येत होतं, पापड गॅलरीत वाळत होते, गिऱ्हाईक दोन मिनिटांच्या अंतरावर होतं. चाळीचं गोडगुलाबी वर्णन मला करायचं नाही. कॉमन संडासाची रांग, पहाटेच्या पाण्यासाठीची भांडणं, नव्या सुनेला कपडे बदलायला आडोसा नाही, हे ज्यांनी भोगलंय त्यांना विचारा. ‘चाळ संस्कृती गेली हो’ म्हणून उसासे टाकणारे बहुतेक पुरुषच असतात, त्यांना पाणी भरावं लागत नव्हतं. पण चाळ हे बाईचं कामाचं ठिकाणही होतं, हे लक्षात ठेवा. पुढे हिशेबात ते लागणार आहे.

१८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. तो संप रीतसर कधी मिटलाच नाही. गिरण्या एकामागून एक थंडावल्या. भोंगा बंद झाला तशी खानावळ बंद झाली, आणि घरोघरच्या बायका मिळेल त्या कामाला बाहेर पडल्या. धुणीभांडी, शिवणकाम, भाजी विकणं.

गिरण्या बंद पडल्या, पण जमीन होती. थोडीथोडकी नाही, शहराच्या मध्यावर सुमारे ६०० एकर. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीत ५८ क्रमांकाचा नियम आला, आणि तो वाईट नव्हता. गिरणीच्या जागेचा विकास करायचा असेल तर ढोबळमानाने एक तृतीयांश जागा महापालिकेला मैदानं-बागांसाठी, एक तृतीयांश म्हाडाला स्वस्त घरांसाठी, आणि उरलेली मालकाला, असा त्याचा अर्थ होता. २००१ मध्ये या नियमात दुरुस्ती झाली. वाटणी आता संपूर्ण जमिनीची नाही, जिथे बांधकाम नाही तेवढ्याच मोकळ्या जमिनीची. तुम्हीच विचार करा, गिरणीच्या आवारात मोकळी जागा ती किती असणार? सगळीकडे तर शेड! म्हणजे मैदान आणि स्वस्त घरं यांचा वाटा एका शब्दाच्या फरकाने आकसला. प्रकरण कोर्टात गेलं, आणि २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती वैध ठरवली. आज तिथे मॉल, कार्यालयं, काचेचे टॉवर आहेत. गिरणी कामगारांच्या घरांची म्हाडाची मोठी सोडत निघाली ती २०१२ मध्ये, संप सुरू झाल्यानंतर तीस वर्षांनी. घर २२५ चौरस फुटांचं. ६,९२५ घरं होती आणि अर्ज त्याच्या कितीतरी पट. पुष्कळ ठिकाणी चिठ्ठी निघाली तेव्हा कामगार हयात नव्हता, वारस रांगेत होते.

ही झाली गिरणीची जमीन. आपल्याशी जास्त संबंध येतो तो चाळीच्या जमिनीचा. तिकडे काय झालं?

मुंबईत भाडेनियंत्रण १९४७ च्या कायद्याने पक्कं झालं, आणि भाडी १९४० च्या सुमाराला होती तिथेच गोठली. भाडेकरूला त्याने आधार दिला, त्याशिवाय कामगार या शहरात टिकलाच नसता. पण मालकाला चाळीतून दरमहा मिळणार दोन-चारशे रुपये, तो डागडुजी कशाला करील? जिने डुगडुगायला लागले, छताचे पोपडे पडायला लागले, दर पावसाळ्याआधी म्हाडा धोकादायक इमारतींची यादी लावायला लागली. आणि त्याच वेळी शेजारच्या गिरणीच्या जागेत टॉवर उभा राहिल्यामुळे चाळीखालच्या जमिनीचा भाव आभाळाला टेकला. जागा आज मालकाला देते शेकडा, आणि मोकळी झाली तर देईल कोटी. या दोन आकड्यांमधलं अंतर जितकं मोठं, तितकी त्या वस्तीवर नजर पक्की. जेंट्रिफिकेशनचं इंजिन हेच आहे. नवे शेजारी हे त्या इंजिनाचे डबे. आधी हिशेब येतो, माणसं मागून येतात.

मग बिल्डर येतो. जुन्या उपकरप्राप्त चाळींसाठी सरकारने सवलत दिलेली आहे. जुन्या भाडेकरूंना नवं घर फुकट द्यायचं, आणि त्या बदल्यात बिल्डरला जास्तीचं चटईक्षेत्र, म्हणजे जास्त मजले बांधायची परवानगी. ते वरचे मजले तो बाजारभावाने विकतो, त्यातून सगळा खर्च आणि नफा काढतो. पूर्वी यासाठी ७० टक्के भाडेकरूंची संमती लागायची, आता ५१ टक्के पुरते. व्यवहार कागदावर सुरेख आहे. वरळीच्या बीडीडी चाळीत तो दिसलासुद्धा. शंभर वर्षांपूर्वी सरकारने बांधलेल्या त्या चाळींत खोली १६० चौरस फुटांची, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये पहिल्या ५५६ कुटुंबांना किल्ल्या मिळाल्या त्या ५०० चौरस फुटांच्या घरांच्या. स्वतःचं न्हाणीघर, स्वतःचा संडास. कुणी याला नावं ठेवली तर मी ऐकून घेणार नाही. पण तिथे बिल्डर नव्हता, म्हाडा होती, हेही सांगायला हवं. उलट उदाहरण गोरेगावच्या पत्रा चाळीचं. ६७२ कुटुंबांनी २००८ च्या करारावर विश्वास ठेवून घरं रिकामी केली. काम रखडलं, भाडं थांबलं, प्रकरण चौकशीपर्यंत गेलं, आणि शेवटी म्हाडालाच प्रकल्प हातात घ्यावा लागला. मधल्या काळात मुलं मोठी झाली आणि म्हातारी माणसं भाड्याच्या घरात वारली.

समजा, सगळं नीट झालं. टॉवर उभा राहिला. बहुतेक ठिकाणी आता दोन भाग असतात. जुन्या रहिवाशांची इमारत एका बाजूला, विक्रीची दुसऱ्या बाजूला. गेट वेगळं, लिफ्ट वेगळी, बाग आणि पोहण्याचा तलाव पलीकडच्यांचा. एकाच जमिनीवर दोन गावं. कुठे कुठे मात्र दोघांची गाठ एकाच सोसायटीत पडते, आणि तिथे कुरबूर सुरू होते.

सुक्या बोंबलाचं घ्या. बाईने चाळीत आयुष्यभर बोंबील, सुकट भाजली. आता लॉबी बंदिस्त, हवा खेळत नाही, वास थेट समोरच्या दारात. समोरची नाक मुरडते. किंवा लालबागला एप्रिल-मे महिन्यांत मसाला कुटण्याचा हंगाम असतो, मिरचीचा ठसका रस्त्यापर्यंत येतो. ज्यांनी कोटी मोजून घर घेतलं त्यांना वाटतं, हे काय? ज्यांचा तो वर्षाचा धंदा आहे त्यांना वाटतं, मग आलात कशाला? गणपतीचंही तेच. लालबागमधली मंडळं १९२८ आणि १९३४ पासूनची. तिथला उत्सव हा वस्तीने एकत्र येण्याचा मार्ग होता. त्याचा आवाज आज पंधराव्या मजल्यावरच्या बाळंतिणीला त्रास देतो, हेही खोटं नाही.

माझं मत सांगते, पटलं तर घ्या. स्वतःच्या घरात कुणी काय शिजवावं हा सोसायटीचा विषयच नाही, तिथे मागे हटू नये. पण गच्चीवर मासे वाळवायचे का, पापडाला गच्ची कधी द्यायची, यावर बोलता येतं, वेळ ठरवता येते. आणि रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक नको हा देशभराचा नियम २००० सालापासून आहे, तो नव्यांनी आणलेला नाही. ढोलाने हैराण झालेली एखादी आजारी आजी आपल्या बाजूच्या इमारतीतही असतेच की. ती बोलत नाही एवढंच.

नव्या बाईकडेही एकदा बघा. ती काही चाळ पाडायला आलेली नसते. दोघं नवरा-बायको नोकरी करतात, वीस वर्षांचा हप्ता आहे, रात्री नऊला घरी पोचते. तिला विकताना सांगितलंय की वस्ती ‘शांत आणि निवडक’ आहे. खाली चाळीतली माणसं राहायला येणार, हे तिला बिल्डरने नीट सांगितलेलंच नसतं. तिचीही फसवणूक झालेली असते, फक्त महाग. तिच्याकडे घरकाम, पोळ्या आणि मूल सांभाळणं ही कामं मात्र आपल्याच बाजूच्या बायका करतात, आणि त्याच बायकांना काही इमारतींत नोकरांची वेगळी लिफ्ट दाखवली जाते. हे मात्र मला मुळीच सहन होत नाही.

आणि एक गोष्ट दोघींच्याही वाट्याला आलेली. गिरण्यांच्या जागी हजारो माणसांची कार्यालयं उभी राहिली, पण रेल्वेचे पूल गिरणीच्या काळातलेच. २९ सप्टेंबर २०१७ ला पावसात एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या अरुंद पुलावर चेंगराचेंगरी झाली. २३ जण गेले. आता त्या स्टेशनाचं नाव प्रभादेवी आहे. त्या पुलावरून जुने लालबागकर जात होते आणि उपनगरातून कामाला येणारे नवेही. मजले वाढवायची परवानगी देताना पुलाची रुंदी कुणी मोजली नव्हती.

आता ज्या हिशेबासाठी मी थांबले होते, तो करू. फुकट मिळालेलं घर सोडून माणसं बदलापूर, विरारला का जातात? लोक म्हणतात, पैशाच्या मोहाने विकलं. तसे असतीलही काही. पण आकडे मांडून बघा. समजा, घर ४०० चौरस फुटांचं आहे आणि टॉवरचं मेंटेनन्स चौरस फुटाला आठ रुपये. महिन्याला ३,२०० रुपये झाले. चाळीत भाडं होतं दोनशे. समजा, बिल्डरने तीन लाख रुपये कॉर्पस म्हणून दिले, बँकेत सात टक्क्यांनी ठेवले, तर व्याज महिन्याला १,७५० रुपये. खड्डा १,४५० रुपयांचा, आणि मेंटेनन्स दरवर्षी वाढणार, व्याज नाही. शिवाय बाईची कमाई तुटलेली. गॅलरी गेली म्हणून पापड गेले, गिऱ्हाईक पांगलं म्हणून डबे गेले, मूल सांभाळणारी शेजारीण चार वर्षं भाड्याने डोंबिवलीला होती, ती तिकडेच राहिली. खर्च दहा-पंधरा पटीने वाढला आणि मिळकत घटली, की चांगलं घरसुद्धा परवडत नाही. घरातून कुणी हाकललेलं नसतं, तरी माणूस निघून जातो. रूथ ग्लासने लंडनमध्ये पाहिलं ते याच वाटेने मुंबईत होतं.

म्हणून ज्यांच्या चाळीत सध्या संमतीचे कागद फिरताहेत त्यांनी सभेत चौरस फुटांवरच तासभर वाद घालू नये. मेंटेनन्स किती येईल, हे लेखी मागा. कॉर्पस किती, कुणाच्या नावावर, हे विचारा. तात्पुरत्या जागेचं भाडं दर महिन्याला मिळणार की वर्षाचं आगाऊ, आणि काम रखडलं तर पुढचं भाडं कशातून, बँक हमी आहे का, हे विचारा. दोन इमारती असतील तर गच्ची, बाग, गेट सामाईक आहेत की नाहीत, हे नकाशावर बोट ठेवून दाखवायला सांगा. तळमजल्यावर दुकानाचा गाळा, पापड-डब्यांसाठी एखादी सामाईक खोली, हे बायकांनी मागितल्याशिवाय कुणाला सुचत नाही.

आणि नाव. भाडेपावती सासऱ्यांच्या नावावर, ते वारलेले, नवरा आणि दीर दोघांचा दावा, असं घरोघरी असतं. भाडेनियंत्रण कायद्यात, भाडेकरू वारला तेव्हा त्याच्यासोबत जी कुटुंबातली व्यक्ती राहत होती तिला भाडेकरूचा हक्क मिळू शकतो. घरच्यांत एकमत झालं नाही तर कोर्ट ठरवतं. म्हणजे सासूला शेवटपर्यंत सांभाळणारी सून किंवा परत आलेली लेक, तिचाही विचार होऊ शकतो. त्यासाठी त्या पत्त्यावरचं रेशनकार्ड, मतदार यादीतलं नाव, वीजबिल, मुलांच्या शाळेचे दाखले जपून ठेवा. झोपडपट्टी पुनर्वसनाचं घर नवरा-बायको दोघांच्या नावावर होतं. चाळीच्या करारात ते आपोआप होत नाही, मागावं लागतं. पर्यायी जागेचा करार प्रत्येक घराचा स्वतंत्र आणि नोंदणी केलेला हवा. सोसायटीच्या एका जाडजूड करारावर सगळ्यांनी सह्या केल्या, एवढ्यावर खोली रिकामी करू नका.

सभा शक्यतो रविवारी दुपारी ठेवायला सांगा. रात्री साडेनऊची सभा म्हणजे बायका भांडी घासत असतात आणि सह्या होऊन जातात.